लाम्पे हे नाव विसरायचं

तत्त्ववेत्ते इमान्युएल कांट यांच्याकडे मार्टिन लाम्पे नावाचा नोकर सुमारे ४० वर्षं कामाला होता. १८०२मध्ये कांट यांनी त्याला काढून टाकलं. नवा माणूस आला, पण हाक मारताना तोंडात जुनंच नाव येई. तेव्हा उतारवयातल्या कांट यांनी स्वतःसाठी एक टिपण लिहून ठेवलं: लाम्पे हे नाव आता साफ विसरायचं आहे. म्हणजे ते टिपण डोळ्यांखालून जाईल तेव्हा तेव्हा लाम्पे आठवणारच.

ही अडचण फक्त कांट यांची नव्हती. इटालियन लेखक उम्बेर्तो एको आणि त्यांचे मित्र अस्तित्वात नसलेल्या विद्याशाखांची नावं रचण्याचा खेळ खेळत. त्यातली एक होती विस्मरणकला. या काल्पनिक शास्त्रावर एकोंचा गंभीर लेख १९८८मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झाला. स्मरणकला शिकवणारे ग्रंथ रोमन काळापासून आहेत, मग विसरायला शिकवणारं शास्त्र का नसावं? एकोंचं उत्तर असं: चिन्हाचं कामच मुळी समोर नसलेली गोष्ट मनात आणण्याचं. त्यामुळे कुठलीही खूण वापरून एखादी गोष्ट मनातून घालवता येत नाही. फार तर तिच्यावर दुसरी, तिसरी, चौथी गोष्ट रचून ती झाकता येते. मेंदूचा अभ्यास करणारे वेगळ्याच वाटेने याच्या अगदी जवळ येऊन पोचले आहेत. तरी आपल्याकडे दुःखात असलेल्या माणसाला ‘विसरून जा आता’ असंच सांगितलं जातं, आणि विसरता आलं नाही की तो स्वतःलाच कमकुवत समजू लागतो. म्हणून यातले गैरसमज तपासायला हवेत.

पहिला गैरसमज हाच, की मनावर घेतलं तर विसरता येतं. १९८७मध्ये अमेरिकी मानसशास्त्रज्ञ डॅनियल वेग्नर आणि सहकाऱ्यांनी विद्यार्थ्यांना सांगितलं, पाच मिनिटं मनात येईल ते बोलत राहा, फक्त पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका. आलाच तर घंटा वाजवा. घंटा वाजतच राहिल्या. नंतर विचार करायची मोकळीक मिळाली, तेव्हा आधी दाबून ठेवणाऱ्यांच्या मनात अस्वल इतरांपेक्षा जास्त वेळा आलं. कारण सरळ आहे. एखादा विचार आला का, हे तपासायचं तर तो विचार हाताशी ठेवावाच लागतो.

पण यावरून ‘दाबलं की उसळतंच’ असा नियम करणंही चूक. मायकेल अँडरसन आणि कॉलिन ग्रीन यांनी २००१मध्ये शब्दांच्या जोड्या पाठ करून घेतल्या. मग काही जोड्यांतला पहिला शब्द दाखवून दुसरा मनात येऊच द्यायचा नाही, असा सराव करवला. सराव जितका जास्त, तितका तो दुसरा शब्द नंतर कमी आठवला. तेव्हा खूण दिसताच थांबण्याची सवय काही प्रमाणात लावता येते. मात्र हे शब्द होते, कुणाचा अपघात किंवा कुणाचं मूल नव्हे.

वस्तू नष्ट केल्या की आठवण जाते, असंही मानलं जातं. मॉस्कोतल्या सोलोमन शेरेशेव्स्कीची स्मरणशक्ती इतकी अफाट होती, की मानसशास्त्रज्ञ अलेक्सांद्र लुरिया यांनी अनेक वर्षं तिचा अभ्यास केला. जुन्या आकड्यांचे तक्ते डोळ्यांसमोरून हटत नाहीत म्हणून शेरेशेव्स्की नको असलेल्या गोष्टी कागदावर लिहून ते कागद जाळू लागला. जळून काळ्या झालेल्या कागदावरही त्याला आकड्यांच्या खुणा दिसत राहिल्या. तेरावं होताच घाईने कपाट रिकामं करणाऱ्या घरांत मला हा माणूस आठवतो. कपडे द्यावेत की ठेवावेत हे घरच्यांनी ठरवावं, पण कपडे गेले म्हणजे माणूस मनातून गेला, असं होत नाही.

सिनेमातला डोक्यावरचा फटका, ज्याने सगळं जातं आणि दुसऱ्या फटक्याने परत येतं, तो तर निव्वळ कल्पित. खरी विस्मृती कशी असते ते पाहा: हेन्री मोलेसन यांच्यावर १९५३मध्ये अपस्मारासाठी शस्त्रक्रिया झाली. मेंदूतल्या हिप्पोकॅम्पसचा मोठा भाग काढला गेला. त्यांना बालपण आठवे. नव्या आठवणी मात्र साठेनात. २००८मध्ये मृत्यू येईपर्यंत ती क्षमता परत आली नाही. शॉक ट्रीटमेंटबद्दलही असाच समज आहे. त्या उपचाराने मुख्यतः आसपासच्या काळाच्या, काहींच्या बाबतीत त्याआधीच्याही आठवणी पुसट होतात, पण नकोशी तेवढीच आठवण वेचून काढता येत नाही.

सगळ्यात मोठी आशा आठवण पुसणाऱ्या गोळीवर आहे, आणि तिच्यामागे खरं विज्ञान आहे. करीम नाडर यांनी २०००मध्ये उंदरांना ‘आवाजामागून विजेचा झटका’ हे शिकवलं. नंतर आवाज पुन्हा ऐकवून लगेच मेंदूतल्या, भीतीशी निगडित अमिग्डलात नवी प्रथिनं बनू न देणारं औषध सोडलं. पुढे आवाजाची भीती फारशी उरली नाही. आवाज न ऐकवता औषध दिलं, तर काहीच फरक नव्हता. आठवण जागी झाली की काही काळ ती कच्ची होते आणि नव्याने घट्ट व्हावी लागते, हे यातून पुढे आलं. माणसांवर ॲम्स्टरडॅममध्ये मेरेल किंट यांनी २००९मध्ये प्रोप्रानोलोल हे रक्तदाबाचं औषध वापरून पाहिलं. झटक्याशी जोडलेलं कोळ्याचं चित्र पाहून दचकणं थांबलं, पण या चित्रानंतर झटका बसतो हे सहभागी लोकांना पक्कं ठाऊक होतं. घटना जागेवर होती, तिची नांगी तेवढी बोथट झाली होती. हे औषध स्वतःहून घेऊ नये. दमा असलेल्यांना ते धोक्याचं ठरू शकतं.

आघातावरच्या मान्य उपचारांतही पुसण्याचा प्रयत्न नसतो. उलट त्यातल्या अनेकांत सुरक्षित जागी, प्रशिक्षित माणसासमोर, ती घटना पुन्हा पुन्हा सांगायला मदत केली जाते. रशियन शास्त्रज्ञ पावलोव्हच्या काळापासून माहीत आहे, की भीती विरते तेव्हा जुनं शिकलेलं मिटत नाही. त्यावर ‘आता धोका नाही’ असं नवं शिकणं बसतं, आणि म्हणूनच वेगळ्या ठिकाणी जुनी भीती कधी कधी परतते. ती परतली म्हणजे उपचार वाया गेला असं नाही. अशा वेळी पुन्हा मदत घ्यावी. भारतात टेलि-मानसच्या १४४१६ या मोफत क्रमांकावर रात्री-अपरात्रीही बोलता येतं.