चित्रफितीतला अनोळखी सेनानी

दरवर्षी २३ जानेवारीच्या सुमारास नेताजी सुभाषचंद्र बोस यांची तीच ती चलच्चित्रे पुन्हा दाखविली जातात. सिंगापूरच्या नगरभवनासमोर शिस्तीत उभी असलेली आझाद हिंद सेना, संचलनाची पाहणी करणारे जपानचे पंतप्रधान तोजो, लष्करी गणवेशातले नेताजी. मुलुंडच्या आमच्या महाविद्यालयात यंदा ही दृश्ये पडद्यावर सरकत असताना वाणिज्य शाखेच्या एका विद्यार्थ्याने विचारले, ''सर, नेताजींच्या मागे उभे असलेले हे अधिकारी कोण?'' माझ्याजवळ उत्तर नव्हते. मी अर्थशास्त्र शिकवितो, इतिहास नव्हे, ही सबब त्या क्षणी मलाच लंगडी वाटली.

लंगडी अशासाठी की, त्या सेनेच्या अगदी वरच्या फळीत एक मराठी माणूस होता. जगन्नाथराव भोसले हे सावंतवाडीकडचे. सँडहर्स्टला शिकून ब्रिटिश हिंदी लष्करात अधिकारी झालेले. फेब्रुवारी १९४२ मध्ये सिंगापूर पडले आणि पुढे ते आझाद हिंद सेनेत आले. २१ ऑक्टोबर १९४३ रोजी सिंगापूरच्या कॅथे चित्रपटगृहात (हो, चित्रपटगृहातच) आझाद हिंदचे हंगामी सरकार घोषित झाले, त्याच्या मंत्रिमंडळात लष्कराचे एक प्रतिनिधी म्हणून भोसले होते. त्याच वर्षी नोव्हेंबरात टोकियोला बृहत्तर पूर्व आशिया परिषद भरली, तेव्हाही ते नेताजींच्या समवेत गेले होते. स्वातंत्र्यानंतर ते लोकसभेवर निवडून आले, केंद्रात पुनर्वसन खात्याचे उपमंत्री झाले आणि शाळकरी मुलांसाठी राष्ट्रीय शिस्त योजना त्यांनी उभी केली. १९६३ मध्ये त्यांचे निधन झाले. मुंबईत मंत्रालयाच्या परिसरात, यशवंतराव चव्हाण प्रतिष्ठानच्या वास्तूजवळ, त्यांच्या नावाचा रस्ता आहे. अंधेरी-बोरिवलीहून चर्चगेटला उतरून सरकारी कामासाठी तिकडे जाणारे कितीतरी लोक ती पाटी वाचतात. पण पडद्यावर तो चेहरा समोर आला, तर त्यांतला कोण ओळखील?

यात प्रेक्षकांचा दोष थोडा आहे. युद्धकाळातली ही दृश्ये प्रामुख्याने जपानी वार्तापटांसाठी टिपली गेली. त्या वार्तापटांवर सरकारचा अंमल होता आणि जपानी जनतेला दाखवायचे होते ते एवढेच की, हिंदुस्थानचा एक थोर नेता आपल्या बाजूस आहे. साहजिकच भिंग नेताजींवर आणि तोजोंवर रोखलेले राहिले. मागच्या रांगेतल्या अधिकाऱ्यांची नावे टोकियोच्या प्रेक्षकाला सांगण्याचे निवेदकाला कारण नव्हते. याच सुमारास इकडे मुंबईत काय चालले होते? भारत संरक्षण नियमांच्या आधारे सरकारमान्य युद्धपट दाखविणे चित्रपटगृहांना सक्तीचे करण्यात आले होते. ब्रिटिशांच्या फौजा त्यात दिसत. आझाद हिंद सेनेला अर्थातच मज्जाव. म्हणजे एकाच युद्धातले हिंदी सैनिक दोन सरकारांच्या दोन पडद्यांवर वाटले गेले होते आणि दोन्हीकडे निवेदन परक्याचे होते.

स्वतंत्र भारतानेही ती सक्ती सोडली नाही. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन निघाली. मुख्य चित्रपटाआधी तिचे वार्तापट दाखवावे लागत आणि त्यापोटी चित्रपटगृहाच्या निव्वळ उत्पन्नाच्या १ टक्क्यापर्यंत भाडे घेतले जाई. घाटकोपरच्या प्रेक्षकाने तिकिटाला मोजलेल्या रुपयातून साधारण पैसाभर वाटा, त्याला विचारल्यावाचून, सरकारी चित्रफितींसाठी गेला असे समजा. तेव्हा या संग्रहांवर आपला हक्क आहे, हे म्हणताना मला संकोच वाटत नाही. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. त्याआधीच राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियानासाठी सुमारे ५९७ कोटी रुपयांची तरतूद मंजूर झाली होती.

एवढ्या पैशाचा हिशेब कशात होणार? किती फूट फीत स्वच्छ झाली, किती तासांचे अंकीकरण झाले, हे मोजता येते. म्हणून तेच मोजले जाते. एखाद्या चौकटीतला चौथा माणूस कोण, हे शोधण्यात अभ्यासकाचा महिना गेला, तरी त्याची नोंद करायला प्रगती अहवालात रकाना नसतो. हे दुखणे केवळ चित्रफितींचे नाही. ज्याचे मोजमाप सोपे त्यावर खर्च, हे सरकारी अंदाजपत्रकाचे जुने खोड आहे. वस्तुतः नावे नसलेली चित्रफीत म्हणजे वर्गवारीच न केलेले ग्रंथालय. पुस्तके शाबूत असतात, सापडत मात्र नाहीत.

आणि हे काम पुढे ढकलण्याजोगे नाही. १९४३ मध्ये विशीत असलेला सैनिक आज हयात असलाच, तर त्याने शंभरी ओलांडलेली आहे. उरली आहेत ती घरे: कोकणातली, साताऱ्याकडची, आणि तिथून नोकरीसाठी उपनगरांत येऊन राहिलेली. कुणाच्या कपाटात आजोबांचा गणवेशातला फोटो असेल, मागे शाईने लिहिलेली तारीख असेल. तो फोटो आणि चित्रफितीतली चौकट शेजारी-शेजारी ठेवली, की पुष्कळ नावे लागू शकतील. महामंडळाने आपल्या संग्रहातल्या युद्धकालीन दृश्यांची क्रमवार यादी मराठीत छापावी, चौकटींच्या प्रती जिल्हा ग्रंथालयांतून ठेवाव्यात आणि लोकांकडून येणारी माहिती पडताळून घेण्यासाठी दोन-चार अभ्यासक नेमावेत. खर्चाचा आकडा कोटींत जाणार नाही.

त्या विद्यार्थ्याला मी भोसल्यांचे नाव सांगितले आणि एक जुना फोटोही दाखविला. त्याने चित्रफीत पुन्हा लावली, तीन ठिकाणी थांबविली आणि एका चेहऱ्यावर बोट ठेवून म्हणाला, ''हेच असतील ना?'' असतील. पण खात्रीने सांगणारा कागद आम्हां दोघांजवळही नव्हता.