वाद्याला नाव मिळालं, वाजवणाऱ्याचं काय?

मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. हत्यारांना धार लावणाऱ्या शिकलगारांनी सुमारे पावणेदोनशे वर्षांपूर्वी तंतुवाद्यं घडवायला घेतली. पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा भोपळा आणून त्यावर गळा, तबकडी, खुंट्या आणि जव्हारी चढवणारी घराणी सतारमेकर गल्लीत आजही आहेत. आता दुसरीकडे बनवलेली सतार ‘मिरजेची’ म्हणून विकली, तर कायद्याचा बडगा दाखवता येतो. गावाच्या नावाला बाजारात किंमत असते, हे सरकारदरबारी मान्य झालं.

पण हीच सतार मुंबईच्या स्टुडिओत गेली आणि एखाद्या गाण्यात आठ सेकंद वाजली, तर ती कोणी वाजवली हे ऐकणाऱ्याला सहसा कळत नाही. चित्रपट आणि मालिकांच्या संगीतात आयुष्य घालवणाऱ्या माणसाची वाटचाल समजून घ्यायची असेल, तर इथूनच सुरुवात करावी लागते. कारण आपल्याकडचे अनेक संगीतकार आधी याच बिननावाच्या खुर्चीवर बसलेले होते.

चाल एकाची, गाणं अनेकांचं

‘सांगत्ये ऐका’ हा १९५९ चा चित्रपट घ्या. त्यातली ‘बुगडी’ आजही लग्नाच्या वरातीपासून शाळेच्या स्नेहसंमेलनापर्यंत वाजते. शब्द गदिमांचे, ते आटपाडी तालुक्यातल्या शेटफळे गावी जन्मलेले. आवाज आशा भोसले यांचा. त्यांचा जन्म सांगलीतला. संगीत वसंत पवार यांचं. ही तिन्ही नावं जाणकार एका दमात सांगतील. मग विचारा, ढोलकी कोणाची? लावणीचा अर्धा जीव ज्या थापेत आहे, त्या थापेचा धनी कोण, यावर बहुतेक मैफली गप्प होतात.

गाण्याचं काम कसं वाटलं जातं ते पाहू. संगीतकार चाल बांधतो. पेटी घेऊन गीतकार आणि दिग्दर्शकासोबत बसायचं, याला धंद्यात ‘सिटिंग’ म्हणतात. तिथे हातात येते ती फक्त गळ्याची चाल. गाण्याआधीचा तुकडा, दोन कडव्यांमधले ‘म्युझिक पीस’, गायक श्वास घेतो तिथे भरायच्या छोट्या जागा, कुठे व्हायोलिनचा ताफा आणि कुठे एकटी बासरी, हे सगळं ठरवतो संगीत संयोजक, म्हणजे अरेंजर. तो प्रत्येक वाद्याचा कागद लिहितो. मग ‘मेसेंजर’ वादकांना निरोप धाडतो, की अमुक दिवशी, अमुक स्टुडिओत, अमुक वाद्य घेऊन या.

निरोप मिळालेला वादक स्टुडिओत पोहोचतो तेव्हा गाणं त्याला बहुधा ठाऊक नसतं. कागद समोर येतो, एक-दोन तालमी होतात आणि थेट टेक. मैफलीत कलाकाराला राग फुलवायला तासभर मिळतो. इथे अर्ध्या मिनिटात रंग भरून बाजूला व्हायचं. सुरात पक्कं असणं ही पहिली अट झाली. त्यापुढे सांगितलं तेवढंच वाजवायचं, आणि ‘इथे काहीतरी सुचवा’ म्हटलं की तिथल्या तिथे सुचवायचं. ही दोन टोकं ज्याला सांभाळता येतात, त्यालाच पुन्हा बोलावणं येतं.

मिरजेचे राम कदम

या वाटेवरचं आपल्या मुलखातलं ठळक नाव म्हणजे राम कदम. १९१६ साली मिरजेत जन्म. क्लॅरिनेट हे त्यांचं वाद्य. पुढे पुण्याच्या ‘प्रभात’मध्ये उमेदवारी आणि मग स्वतंत्र संगीतकार म्हणून दीर्घ कारकीर्द. ‘केला इशारा जाता जाता’ (१९६५), ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) आणि व्ही. शांताराम यांचा ‘पिंजरा’ (१९७२) हे त्यांच्या नावावरचे चित्रपट. ‘पिंजरा’त जगदीश खेबुडकरांचे शब्द आणि उषा मंगेशकरांचा आवाज यांना त्यांनी ज्या चाली दिल्या, त्या पन्नास वर्षांनंतरही तमाशाच्या फडावर आणि ऑर्केस्ट्रात हमखास वन्समोअर घेतात.

वाद्य हातात धरलेल्या माणसाची चाल कानाला वेगळी लागते. लावणीत शब्द थांबतात तिथे ढोलकी बोलते, आणि ती बोलायला जागा चालीतच सोडावी लागते. ही समज पुस्तकातून येत नाही. त्या काळचं मिरज म्हणजे अब्दुल करीम खाँसाहेबांच्या वास्तव्यानं भारलेलं गाव. दर्ग्याच्या उरुसातली गाणी, लग्नाचे बँड, नाटक कंपन्यांचे मुक्काम आणि गल्लीत जुळत असलेल्या तारा. अशा गावात कान तयार होण्यासाठी वेगळं महाविद्यालय लागत नव्हतं.

सव्वा रुपया आणि नारळ

दुसरं उदाहरण प्रभाकर जोग यांचं. १९३२ चा जन्म. वडील लवकर गेले. पुण्याच्या वाड्यांमधून व्हायोलिनचे कार्यक्रम करून हा बारा वर्षांचा मुलगा घराला हातभार लावू लागला. बिदागी सव्वा रुपया आणि नारळ. व्हायोलिनची तालीम गजाननबुवा जोशींसारख्यांकडून मिळाली. १९५५ च्या एप्रिलपासून पुणे आकाशवाणीवर ‘गीतरामायण’ सुरू झालं. दर आठवड्याला एक नवं गीत, एकूण ५६. शब्द गदिमांचे, संगीत सुधीर फडके यांचं. त्या गीतांच्या पार्श्वभूमीवर जे व्हायोलिन ऐकू येतं, ते जोगांचं.

पुढे ते फडक्यांचे साहाय्यक झाले, हिंदी चित्रपटांच्या ध्वनिमुद्रणात वाजवू लागले आणि स्वतः संगीतकारही झाले. ‘लपविलास तू हिरवा चाफा’ आणि ‘स्वर आले दुरुनी’ या चाली त्यांच्या. ‘जावई विकत घेणे आहे’ हा चित्रपट त्यांचा. उतारवयात ‘गाणारं व्हायोलिन’ या नावानं त्यांनी कार्यक्रम केले. त्यात शब्द नसतानाही लोकांना व्हायोलिनमधून शब्द ऐकू येत. २०२१ मध्ये ते गेले, तेव्हा वृत्तपत्रांनी ‘संगीतकार व व्हायोलिनवादक’ असं दोन्ही लिहिलं. हे भाग्य थोड्यांना लाभतं. शेकडो वादकांची कारकीर्द पहिल्या पायरीवरच सुरू होऊन तिथेच संपली, आणि त्यात त्यांच्या कलेत काही कमी होतं असं मुळीच नाही.

एका टेकचा काळ

चुंबकीय फितीवर अनेक ट्रॅक वेगवेगळे मुद्रित करण्याची सोय आपल्याकडे रुळण्याआधी गायक, कोरस आणि साठ-सत्तर वादक एकाच वेळी एकाच दालनात उभे असत. शेवटच्या ओळीत एका मेंडोलिनची तार तुटली, की पुन्हा पहिल्यापासून. अशा वेळी लिहिलेलं वाचता येणारा वादक सोन्याच्या मोलाचा.

इथे गोमंतकीयांनी मोठं काम केलं. चर्चच्या शाळांमधून पाश्चात्त्य स्वरलेखन शिकून आलेले गोव्याचे वादक मुंबईच्या स्टुडिओत कागद लिहू लागले. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांचं भव्य संयोजन सेबास्टियन डिसूझा यांचं. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू. ‘अमर अकबर अँथनी’मधल्या अँथनीच्या नावामागे तेच आहेत. शिष्यानं गुरूचं नाव असं पडद्यावर नेलं नसतं, तर किती जणांनी ते ऐकलं असतं?

मराठीत हाच प्रवास अनिल मोहिले आणि अरुण पौडवाल यांनी केला. एक व्हायोलिनचा, दुसरा अॅकॉर्डियनचा. सचिनदेव बर्मन यांच्यासारख्यांकडे संयोजनाचं काम केलं आणि मग ‘अनिल-अरुण’ या जोडनावानं ‘अष्टविनायक’ (१९७९) दिला. दुसऱ्याच्या चाली सजवता सजवता स्वतःची चाल सापडते, याचा हा पुरावा.

हरिपूरचा कवी, मुंबईची पेटी

आता चित्रपटाकडून छोट्या पडद्याकडे येऊ. अशोक पत्की यांचा जन्म १९४१ चा, मुंबईचा. पण त्यांच्या सुरुवातीच्या यशात सांगलीचा वाटा आहे. कृष्णा-वारणेच्या संगमावरच्या हरिपूरचे अशोकजी परांजपे यांनी लिहिलेली ‘केतकीच्या बनी’ आणि ‘नाविका रे’ ही गीतं पत्कींनी स्वरबद्ध केली आणि सुमन कल्याणपूर यांनी गायली. सुमनताईंच्या कार्यक्रमांत पत्की पेटीची साथ करत. साथीला बसलेल्या माणसाला गायिकेचा गळा आतून-बाहेरून माहीत झाला होता; चाल बांधताना तो अभ्यास कामी आला.

त्याच पत्कींनी हजारो जिंगल्स केल्या. १० ते ३० सेकंदांत वस्तूचं नाव डोक्यात बसवायचं, हे जिंगलचं काम. ती शिस्त मालिकांच्या शीर्षकगीतांना उपयोगी पडली. दूरदर्शनवरच्या ‘गोट्या’चं शीर्षकगीत त्यांचं. १९९९ मध्ये ‘अल्फा’ वाहिनीवर आलेली ‘आभाळमाया’, नंतरची ‘वादळवाट’ ही शीर्षकगीतंही त्यांचीच. चित्रपटाचं गाणं माणूस तिकीट काढून ऐकतो. शीर्षकगीत रोज संध्याकाळी न बोलावता घरात येतं. पहिल्या चार सुरांत स्वयंपाकघरातल्या माणसाला हॉलमध्ये खेचून आणायचं आणि वर्षभर रोज ऐकून कंटाळाही येऊ द्यायचा नाही, असा हा दुहेरी पेच असतो.

१५ ऑगस्ट १९८८ रोजी दूरदर्शनवरून प्रथम दाखवलेल्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’च्या भैरवीमागेही पत्की आहेत, लुई बँक्स हे त्यातले दुसरे शिल्पकार. ते गीत सुरू होतं पंडित भीमसेन जोशींच्या स्वरानं. भीमसेनजी सवाई गंधर्वांचे शिष्य, आणि सवाई गंधर्व मिरजेच्या अब्दुल करीम खाँसाहेबांचे. २००६ च्या ‘अंतर्नाद’ या कोकणी चित्रपटासाठी पत्कींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मात्र त्यांना घराघरात नेलं ते मालिकांनीच.

मालिकेच्या संगीताची दुसरी बाजू पार्श्वसंगीताची. रोजच्या भागाला रोज नवं संगीत करायला वेळही नसतो आणि पैसाही. म्हणून आनंद, ताण, रडं, कारस्थान असे तुकडे आधीच बनवून ठेवतात आणि संकलक ते जागच्या जागी लावतो. एका दिवसात वाजवलेली बासरी मग शेकडो भागांत रडत राहते. वादकाला मानधन मात्र बहुधा त्या एका दिवसाचंच.

नावात पैसा आहे

संगणकानं या धंद्याचा पायाच हलवला. एका कळफलकावर व्हायोलिनचा ताफा, तबला, सतार सगळं वाजतं. जिथे साठ माणसं बसत, तिथे आज संगीतकार, संगणक आणि जीव ओतायला एखादा खराखुरा वादक एवढंच उरतं. पण त्या एखाद्याची किंमत वाढली आहे. सतारीची मींड आणि ढोलकीची घुमारी अजून यंत्राला पुरती साधलेली नाही. शिवाय वादक आता सांगलीत बसून आपला तुकडा मुद्रित करून मुंबईला पाठवू शकतो. उपनगरात खोली शोधण्याची सक्ती संपली आहे.

मग अडतं कुठे? कायद्यात. २०१२ च्या कॉपीराइट कायद्यातल्या दुरुस्तीनं गीतकार आणि संगीतकारांना मोठा आधार दिला. चित्रपटगृहाबाहेर गाणं वाजलं तर मिळणाऱ्या स्वामित्वधनातला त्यांचा वाटा आता करारानं काढून घेता येत नाही. सादरकर्त्यालाही व्यावसायिक वापराबद्दल स्वामित्वधनाचा हक्क दिला. पण त्याच दुरुस्तीत एक परंतुक आहे. चित्रपटात ज्याचं सादरीकरण आनुषंगिक स्वरूपाचं आहे आणि उद्योगाच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीतसुद्धा कुठे दिलं जात नाही, त्याला ‘सादरकर्ता’ मानायचं नाही. आपल्या कामाची मोडतोड होऊ नये म्हणून दाद मागण्यापुरताच अपवाद.

गाण्याचा मुख्य तुकडा वाजवणाऱ्याला ‘आनुषंगिक’ म्हणता येईल का, यावर वकील भांडू शकतात. पण पडद्यावर नाव असेल तर त्याची बाजू भक्कम होते, नसेल तर लंगडी पडते. श्रेयनामावलीतली ओळ ही मानापानाची बाब वाटते. खरं तर तिच्यात वादकाचा हक्क आणि भाकरी दोन्ही आहेत. नाव न छापण्याची सवय जितकी जुनी, तितकं ‘रिवाज असाच आहे’ म्हणणं सोपं. म्हणून तो रिवाजच मोडायला हवा.

त्याची सुरुवात मोठ्या निर्मात्यांची वाट न पाहता करता येईल. सांगली, मिरज, सातारा, कऱ्हाडमध्ये आज घरोघरी गाणी बनतात. गणपतीची आरती, गावच्या जत्रेचं गीत, लग्नाचा व्हिडिओ, निवडणुकीचं प्रचारगीत, लघुपट. यूट्यूबवर ते चढवताना गायक, गीतकार, संगीतकार आणि ‘स्पेशल थँक्स’मध्ये आमदारांपर्यंत सगळ्यांची नावं येतात. त्यातच ढोलकी, बासरी, सतार, कीबोर्ड कोणी वाजवला याच्या चार ओळी टाकायला पैसा लागत नाही. वाजवणाऱ्या तरुणांनीही पैसे ठरवताना नावाचं आधी ठरवावं आणि ते लेखी घ्यावं. आणि रसिकांनी पुढच्या वेळी गाणं आवडलं की एकच प्रश्न विचारावा, वाजवलं कोणी? मिरजेच्या वाद्यांना नाव मिळायला पावणेदोनशे वर्षं लागली. वाजवणाऱ्यांना तेवढं थांबवण्याचं काही कारण नाही.