पेरादीची वडी का पडत नाही?

सावंतवाडीकडच्या एका शाळेतील बाईंचे डिसेंबरात पत्र आले. सहलीसाठी पैसे जमवावेत म्हणून मुलांनी कार्यानुभवाच्या तासाला पेराद करायला घेतली होती. तीन तास आटवूनही वडी पडेना, पातेल्यात नुसताच चिकट पाक. ‘मुलांनी घरून आणलेली साखर फुकट जाणार का?’ असा बाईंचा प्रश्न होता.

पेराद म्हणजे गोव्यात नाताळात होणारी पेरूची वडी. पोर्तुगालमध्ये मार्मेलो या तुरट फळाचा गर साखरेत आटवून वड्या करतात. त्यांना मार्मेलादा म्हणतात. इंग्रजीतील मार्मालेड हा शब्द त्यावरूनच आला. गोव्यात मार्मेलोची जागा पेरूने घेतली. हा पेरूही मूळचा अमेरिकेचा, पोर्तुगीजांबरोबर इकडे आलेला. बाईंनी त्यात आपल्या मुरांब्यातली वेलची आणि लवंगही घातली होती. म्हणजे वडी पोर्तुगीज आणि मसाला मराठी. बेत उत्तमच होता, मग बिघडले कुठे?

फळांच्या पेशीभित्तिकांत पेक्टिन असते. त्याचे रेणू लांबलचक दोऱ्यांसारखे असतात. गर शिजला की हे दोरे सुटून पाण्यात मिसळतात, आणि निवताना जागोजागी एकमेकांना चिकटून त्यांचे जाळे तयार होते. पाणी आणि साखर या जाळ्यात अडकली की वडी धरते. पण दोरे जवळ येण्यात दोन अडचणी असतात. त्यांच्यावर ऋण विद्युतभार असल्याने ते एकमेकांना दूर लोटतात. शिवाय प्रत्येक दोऱ्याभोवती पाण्याच्या रेणूंचे वेष्टण असते. लिंबातील आम्ल पहिली अडचण दूर करते, कारण त्यातील हायड्रोजन आयन हा भार कमी करतात. साखर पाणी स्वतःकडे ओढून घेते, त्यामुळे दुसरी अडचणही सुटते. मिश्रणाचा सामू ३ च्या आसपास आणि साखर सुमारे दोन-तृतीयांश असली, की जाळे चांगले जमते. तेव्हा इथे लिंबू केवळ चवीसाठी नसते!

मी बाईंना तीन गोष्टी विचारल्या. पेरू कसे होते? स्वस्तात मिळालेले, पिवळेधमक आणि मऊ. फळ पिकताना त्यातील विकरे पेक्टिनचे दोरे कापत जातात. फळ मऊ पडते ते त्यामुळेच. लिंबू पिळले होते का? नाही, ‘गोडात आंबट कशाला’ म्हणून. वडी पडेना तेव्हा काय केले? आणखी आटवले. फार वेळ उकळल्यानेही पेक्टिन तुटते, म्हणजे उपायानेच दुखणे वाढले.

मी सुचवले ते असे. एक किलो कडक, हिरवट पेरू सालीबियांसह चिरून, बुडतील इतक्या पाण्यात मऊ शिजवावेत, गाळावेत आणि तो रस पाकात घालावा. चार लिंबे पिळावीत आणि मोठ्या आचेवर, मिश्रण कडा सोडेपर्यंतच, भरभर ढवळावे. हात मात्र जपावेत. गर उडाला तर उकळत्या पाण्यापेक्षा वाईट भाजतो.

पेक्टिन पुरेसे आहे की नाही, हे वर्गात आधीच पाहता येते. शिजवून गाळलेला, थंड केलेला रस चमचाभर घ्यावा आणि त्यात तीन चमचे सर्जिकल स्पिरिट घालून हलकेच ढवळावे. पेक्टिन अल्कोहोलात विरघळत नाही. ते भरपूर असेल तर एकसंध गोळा होतो, कमी असेल तर नुसते सुटे धागे दिसतात. कच्चा आणि अतिपक्व असे दोन पेरू घेऊन दोन्ही रस शेजारी ठेवले, तर फरक मागच्या बाकावरूनही कळतो. जवळ ज्योत नसावी आणि तो रस कुणी चाखू नये.

आता मसाल्याचे. लवंगेतील युजेनॉल सहजी उडून जात नाही, म्हणून लवंग गरात शिजली तरी चालते. वेलचीतील सुगंधी तेले मात्र वाफेबरोबर निघून जातात. खोलीभर घमघमाट सुटला की मुलांना आनंद होतो, पण तो वास वडीतून वजा झालेला असतो! वेलचीपूड पातेले उतरवल्यावरच घालावी. लवंगेमुळे वडी टिकते असे काहीजण सांगतात. युजेनॉल बुरशीला रोखते हे खरे, पण चार लवंगांनी कितीसे होणार? टिकवण्याचे मुख्य काम साखरच करते. ती पाणी धरून ठेवते, आणि जंतूंना वाढायला पाणी उरत नाही.

जानेवारीत बाईंकडून डबी आली. वड्या जरा मऊच होत्या, पण सुरीने नीट कापल्या गेल्या.