फ्रेया : निम्म्या वीरांची धनीण

नॉर्स पुराणकथांची ओळख करून देणाऱ्या लेखनात फ्रेया बहुधा ‘प्रेमाची आणि सौंदर्याची देवता’ एवढ्यावर आटोपते. हे खोटे नाही. तिला प्रेमगीते आवडतात, असे तेराव्या शतकातला आइसलँडचा स्नोरी स्टुर्लुसोनही सांगतो. पण तिचा दुसरा अधिकार मला अधिक मोलाचा वाटतो. रणात पडलेल्या वीरांपैकी निम्मे ओडिनकडे जातात, निम्मे फ्रेयाच्या फोल्कवांगात. ‘ग्रिमनिस्माल’ या जुन्या काव्यात तर आधी तिची निवड येते, मग ओडिनचा वाटा. तरीही वल्हाल्ला जगभर गाजले आणि फोल्कवांग बहुतेकांच्या कानावरही आलेले नाही.

भविष्य जाणण्याची आणि दैव फिरवण्याची ‘सेइद’ ही विद्याही तिचीच. ती वानिर कुळातली; ओडिनच्या आसिर कुळाला ही विद्या तिने शिकवली.

तिचा नवरा ओद दूरदेशी निघून जातो. ती रडते, आणि तिचे अश्रू तांबड्या सोन्याचे असतात. त्याला शोधत ती परक्या लोकांतून हिंडली म्हणून तिला नावे अनेक पडली, असे स्नोरी म्हणतो: मार्दोल, होर्न, गेफ्न, सीर. यातल्या सीरचा अर्थ डुकरीण! सौंदर्यदेवतेच्या साच्यात हे कुठे बसवायचे? ‘फ्रेया’ हीसुद्धा मुळात पदवीच, अर्थ ‘मालकीण’. जर्मन ‘फ्राउ’ हा शब्द तिच्याच नात्यातला.

चार बुटक्यांबरोबर एकेक रात्र काढून तिने गळ्यातला हार मिळवला, ही तिची सर्वांत प्रसिद्ध कथा. ती येते ‘फ्लातेयारबोक’ या चौदाव्या शतकाच्या अखेरच्या हस्तलिखितात, आणि ते लिहून काढणारे दोघे ख्रिस्ती पाद्री होते. हाराचा उल्लेख स्नोरीही करतो, पण ही कथा त्याच्याकडे नाही. जुन्या ‘लोकासेन्ना’ काव्यात लोकी तिला व्यभिचारिणी म्हणतो खरा. पण तिथे तो एकाही देवाला सोडत नाही. म्हणून या कथेवरून तिची पारख करणे मला पटत नाही.

तिच्या भक्तांना तिच्याविषयी काय वाटे, याची एक खूण इतिहासात आहे. 999 च्या सुमारास हयाल्ती स्केग्यासोन या नवख्रिस्ती माणसाने आइसलँडच्या लोकसभेत, आल्थिंगमध्ये, फ्रेयाला कुत्री म्हणणारे कडवे म्हटले. देवनिंदेबद्दल त्याला हद्दपार करण्यात आले. पुढच्याच उन्हाळ्यात तो परतला, आणि त्याच सभेने ख्रिस्ती धर्म स्वीकारला.