कथनातून संभाषणाकडे : एमा थॉम्प्सन यांचे पटकथालेखन

अभिनय आणि लेखन ह्या दोन्हींसाठी ऑस्कर पारितोषिक मिळविलेली व्यक्ती आजवर एकच झाली आहे, आणि ती म्हणजे ब्रिटिश अभिनेत्री एमा थॉम्प्सन. १९९३ साली 'हॉवर्ड्‌स एंड' ह्या चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना पहिले पारितोषिक मिळाले. १९९६ साली जेन ऑस्टिनच्या 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' ह्या कादंबरीच्या पटकथेसाठी दुसरे मिळाले. नटीने हौसेखातर लेखणी हाती धरली व दैव अनुकूल झाले, अशा रीतीने ह्या घटनेकडे पाहण्याची प्रवृत्ती वृत्तपत्री लेखनात आढळते. ती वरवरची आहे. थॉम्प्सनबाईंच्या बाबतीत लेखन हे अभिनयाच्या आधीपासूनचे आहे. एवढेच नव्हे तर त्यांची पटकथा बारकाईने तपासली असता असे दिसते की, वाक्यातील किती भाग चेहऱ्यावर सोपविता येतो ह्याचे नटीला असलेले ज्ञान हाच त्यांच्या लेखनपद्धतीचा पाया आहे.

त्यांचा जन्म १५ एप्रिल १९५९ रोजी लंडनमध्ये झाला. आई फिलिडा लॉ ह्या स्कॉटिश अभिनेत्री, तर वडील एरिक थॉम्प्सन हे नट व दिग्दर्शक. वडिलांच्या एका कामाचा येथे मुद्दाम उल्लेख केला पाहिजे. सर्ज दानो ह्यांनी निर्माण केलेली एक फ्रेंच बाहुलीपटमालिका बी. बी. सी.ने १९६५ पासून 'द मॅजिक राउंडअबाउट' ह्या नावाने दाखविली. तिचे इंग्रजी निवेदन एरिक थॉम्प्सन ह्यांचे होते. परंतु त्यांनी फ्रेंच संहितेचे भाषांतर केलेच नाही. चित्रे तेवढी पाहावयाची आणि त्यांवर स्वतःची सर्वस्वी नवी गोष्ट रचावयाची, असा त्यांचा परिपाठ होता. चित्र आणि शब्द ह्या दोन स्वतंत्र वस्तू असून त्यांचा सांधा दरवेळी नव्याने जुळवावा लागतो, हा धडा त्या घरात बालपणीच मिळण्यासारखा होता. आनुवंशिकतेच्या नावावर फार काही जमा करू नये हे खरे. तरीही हा योगायोग दुर्लक्षिण्याजोगा नाही.

केंब्रिज विद्यापीठाच्या न्यूनम कॉलेजात त्यांनी इंग्रजी वाङ्मयाचा अभ्यास केला. तेथील 'फुटलाइट्‌स' ह्या विद्यार्थी नाट्यमंडळात ह्यू लॉरी व स्टीफन फ्राय हे त्यांचे सहकारी होते. ह्याच मंडळाचा केवळ स्त्रियांनी लिहिलेला व सादर केलेला पहिला प्रयोग १९८० साली झाला, त्याच्या लेखनात त्यांचा वाटा होता. आणि १९८१ साली मंडळाच्या 'द सेलर टेप्स' ह्या कार्यक्रमाने एडिंबरोच्या महोत्सवात पेरिए पारितोषिक पटकाविले. पुढे १९८५ मध्ये 'मी अँड माय गर्ल' ह्या संगीतिकेने त्यांना लंडनच्या रंगभूमीवर नाव मिळवून दिले. १९८७ च्या 'टुटी फ्रुटी' व 'फॉर्च्यून्स ऑफ वॉर' ह्या दूरचित्रवाणी मालिकांनी अभिनेत्री म्हणून त्यांची प्रतिष्ठा पक्की केली. १९८८ साली बी. बी. सी.वर 'थॉम्प्सन' ह्याच नावाने त्यांनी स्वतः लिहिलेल्या प्रहसनांची एक मालिका झाली. समीक्षकांनी तिचे स्वागत कठोरपणे केले. गंमत अशी की, ह्याच पडलेल्या मालिकेतील एका प्रवेशाने त्यांच्या पुढील लेखनाचे दार उघडले. त्यात व्हिक्टोरियन काळातील एक नवपरिणीत तरुणी वैवाहिक जीवनाविषयीचा आपला गोंधळ आईपुढे मांडते, आणि सर्व शब्द सभ्य असूनही अर्थ मात्र भलताच निघतो. 'डेड अगेन' (१९९१) ह्या चित्रपटाच्या निर्मात्या लिंडसे डोरन ह्या ऑस्टिनच्या कादंबरीसाठी बराच काळ लेखक शोधीत होत्या. जुन्या काळची भाषा आणि विनोद ही दोन्ही एकाच वेळी पेलणारी लेखणी त्यांना ह्या प्रहसनात सापडली.

दरम्यान, इतरांनी लिहिलेले संवाद बोलता बोलता थॉम्प्सनबाईंचे पटकथेचे शिक्षण चालूच होते. १९८९ च्या 'हेन्री द फिफ्थ' मध्ये त्यांनी फ्रेंच राजकन्या कॅथरीनची भूमिका केली. ही राजकन्या आपल्या दासीकडून शरीराच्या अवयवांची इंग्रजी नावे शिकते तो प्रवेश भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याने अवश्य पाहावा. परभाषेतील ध्वनी स्वभाषेच्या ध्वनिव्यवस्थेतून ऐकले जातात तेव्हा काय होते ह्याचे इतके मजेदार प्रात्यक्षिक क्वचित मिळेल. 'हॉवर्ड्‌स एंड'चे निर्माते इस्माइल मर्चंट हे मूळचे मुंबईचे, सेंट झेवियर्स महाविद्यालयाचे विद्यार्थी. पटकथालेखिका रूथ प्रावर झाबवाला ह्या जन्माने जर्मन, परंतु १९५१ पासून सुमारे पंचवीस वर्षे दिल्लीत राहिलेल्या. १९९३ च्या ज्या समारंभात थॉम्प्सनबाईंना अभिनयाचे पारितोषिक मिळाले, त्याच समारंभात त्या भूमिकेचे संवाद लिहिणाऱ्या झाबवालाबाईंना रूपांतरित पटकथेचे मिळाले. कादंबरीतून पटकथा काढण्याच्या कलेत त्या काळी झाबवालाबाईंच्या तोडीचे फार थोडे लोक होते. त्याच वर्षी आलेल्या 'द रिमेन्स ऑफ द डे' मध्ये बटलरच्या हातातील पुस्तक कोणते, हे पाहण्याचा मिस केंटन प्रयत्न करते. त्या प्रवेशात जेवढे बोलले जाते त्याच्या कितीतरी पट न बोलता राहते.

आता मूळ प्रश्नाकडे वळावयास हरकत नाही. 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' ही कादंबरी १८११ साली प्रसिद्ध झाली. ऑस्टिन कुटुंबातील परंपरेनुसार तिचा पहिला खर्डा पत्ररूप होता. प्रसिद्ध झालेल्या स्वरूपात मात्र कथनकर्तीचा आवाज सर्वत्र पसरलेला आहे. ऑस्टिनची सर्वांत मोठी वाङ्मयीन कामगिरी म्हणून ज्याकडे बोट दाखविले जाते ते मुक्त अप्रत्यक्ष कथन, म्हणजे पात्राचे विचार पात्राच्याच शब्दकळेत परंतु कथनकर्तीच्या व्याकरणात सांगण्याची रीत, ह्या कादंबरीत आकार घेताना दिसते. इंग्रजीत हे तंत्र सर्वनामांच्या व काळांच्या बदलावर उभे आहे. मराठीत 'तो म्हणाला की मी उद्या येईन' ह्या वाक्यात प्रथमपुरुष तसाच राहतो; त्यामुळे प्रत्यक्ष व अप्रत्यक्ष कथन ह्यांमधील सीमारेषा आपल्याकडे मुळातच पुसट आहे. शिवाय 'म्हणे' ह्या एका अव्ययाने आपला कथनकर्ता दुसऱ्याच्या बोलण्याविषयीचा अविश्वास सहज सूचित करतो. ऑस्टिनला हे काम वाक्यरचनेकडून करून घ्यावे लागते. पडद्यावर मात्र कथनकर्तीच नाही. मग तिच्या उपरोधाचे करावयाचे काय?

पडद्याआडून निवेदन ऐकविणे हा सोपा मार्ग होता. थॉम्प्सनबाईंनी तो टाळला. त्यांनी प्रथम कादंबरीतील प्रवेश सरसकट नाट्यरूपात लिहून काढले, त्याची शेकडो हस्तलिखित पाने झाली, आणि मग सुमारे पाच वर्षे खर्ड्यामागून खर्डे करीत ती छाटली. (एकदा तर सारी संहिता संगणकात नाहीशी झाली व ती स्टीफन फ्राय ह्यांनी शोधून काढून दिली.) कादंबरीतील संभाषणाची वाक्ये पुष्कळदा इतकी लांब व गुंतागुंतीची आहेत की ती नटाच्या श्वासात बसत नाहीत. बाईंनी ती सोपी केली, पण आजच्या बोलीत आणली नाहीत. त्या काळची ऐट शाबूत ठेवून उपवाक्यांची साखळी तेवढी तोडली. चित्रपटातील कित्येक संवाद ऑस्टिनचे म्हणून लोक सांगतात ते प्रत्यक्षात थॉम्प्सनबाईंचे आहेत, हीच ह्या कामाची पावती होय.

छाटणीचे तत्त्व दोन-तीन स्थळांवरून स्पष्ट होईल. कादंबरीच्या दुसऱ्या प्रकरणात जॉन डॅशवुड आपल्या सावत्र बहिणींना तीन हजार पौंड देण्याचा विचार करीत असतो. पत्नी फॅनी त्याला हळूहळू प्रत्येकीस पाचशेवर, मग आईला वर्षाकाठी शंभरावर, मग अधूनमधून पन्नासावर, आणि शेवटी केवळ शेजारधर्मावर आणून ठेवते. हा भाग मुळातच जवळजवळ सर्व संवादात असल्यामुळे बाईंनी त्याला फारसा धक्का लावला नाही. फक्त हे संभाषण त्यांनी प्रवासाच्या टप्प्यांवर विभागून टाकले. घोडागाडी नॉरलंडच्या जवळ येते तसतशी रक्कम खाली येते. उपरोध आता कथनकर्तीच्या वाक्यात नाही, दोन स्थळांमधील अंतरात आहे.

उलट, एडवर्ड व एलिनॉर ह्यांचा अनुराग कादंबरीत बव्हंशी सांगितला जातो, दाखविला जात नाही. एडवर्ड कूपरच्या कविता किती निर्जीवपणे वाचतो हे मेरियन नंतर आईला सांगते. पटकथेत तो वाचनाचा प्रसंग प्रत्यक्ष घडतो. अशा प्रत्यक्षीकरणासाठी थॉम्प्सनबाईंनी मार्गारेट ह्या धाकट्या बहिणीचा उपयोग केला आहे. कादंबरीत ती नाममात्र आहे. पटकथेत ती ग्रंथालयातील टेबलाखाली दडून बसते, आणि तिला बाहेर काढण्यासाठी एडवर्ड व एलिनॉर नाईल नदीच्या उगमाविषयी मुद्दाम चुकीची चर्चा करतात. प्रेमाचा एक शब्दही न उच्चारता दोघे परस्परांना पसंत पडल्याचे ह्या भौगोलिक गप्पांतून कळते. घर मुलाकडे जाते, मुलीकडे नाही, हा वारसाहक्काचा कायदाही ह्याच मुलीच्या प्रश्नामुळे प्रेक्षकाला समजतो. मोठी माणसे जे विचारू शकत नाहीत ते मूल विचारते, ही युक्ती जुनीच आहे. पण ती अशी बेमालूम वापरलेली विरळा.

सर्वांत मोठा बदल शेवटी आहे. एडवर्डचे लूसी स्टीलशी लग्न झालेले नाही हे कळताच कादंबरीतील एलिनॉर खोलीतून जवळजवळ धावत बाहेर पडते आणि दार बंद झाल्यावर तिला रडू कोसळते. मागणीच्या प्रसंगाचा तपशील तर कथनकर्ती देतच नाही. पटकथेत एलिनॉर तेथेच, एडवर्डच्या समक्ष, हुंदके देऊ लागते, आणि खोलीतून बाहेर पडतात ती इतर माणसे. संपूर्ण चित्रपटभर संयमी अर्धवाक्यांत बोलणाऱ्या व्यक्तीचा आवाज येथे भाषेच्या अलीकडे जातो. हे स्थळ नटीनेच लिहावे असे आहे. ती भूमिकाही थॉम्प्सनबाईंनीच केली.

ह्या पद्धतीची किंमत मात्र मोजावी लागली आहे. मेरियन आजारी असता विलबी रात्री येऊन एलिनॉरपाशी दीर्घ कबुलीजबाब देतो, हे कादंबरीतील अत्यंत धाडसी प्रकरण पटकथेत नाही. कारण उघड आहे : ते सगळे भूतकाळाचे कथन आहे, घटना नव्हे. परंतु त्या कथनामुळेच एलिनॉरच्या मनात त्या माणसाविषयी नको असलेली करुणा उत्पन्न होते आणि 'सेन्स'चा विजय संशयास्पद ठरतो. चित्रपटात विलबी शेवटी दुरून, घोड्यावर बसून, लग्नाची मिरवणूक पाहतो. दृश्य सुंदर आहे. पण ते त्या प्रकरणाची जागा भरून काढीत नाही.

तैवानचे दिग्दर्शक आंग ली ह्यांनी केलेला हा चित्रपट १९९५ साली प्रदर्शित झाला. ऑस्करची सात नामांकने मिळून पारितोषिक आले ते एकट्या पटकथेला.

त्यानंतरच्या लेखनात २००१ सालची 'विट' ही दूरचित्रवाणी-कृती सर्वश्रेष्ठ मानावी लागेल. मार्गारेट एडसन ह्यांच्या नाटकावरून थॉम्प्सनबाईंनी व दिग्दर्शक माइक निकल्स ह्यांनी ती लिहिली. नायिका जॉन डन ह्या कवीची व्यासंगी प्राध्यापिका असून ती कर्करोगाने मरणासन्न आहे. डनच्या मृत्यूवरील एका सुनीतात अर्धविराम हवा की स्वल्पविराम, हा पाठचिकित्सेचा वाद तिच्या गुरूने तारुण्यात तिला शिकविलेला असतो. रुग्णशय्येवर त्या विरामचिन्हाला जीवनमरणाचा अर्थ येतो. पाठचिकित्सा हा कोरडा विषय आहे असे म्हणणाऱ्या विद्यार्थ्यांना दाखविण्यासारखी ही कलाकृती आहे. 'नॅनी मॅकफी' (२००५) व तिचा उत्तरभाग (२०१०) ही बालांसाठी लिहिलेली कामे लोकप्रिय झाली. 'एफी ग्रे' (२०१४) स्वामित्वहक्काच्या खटल्यांत अडकली. निकाल बाईंच्या बाजूने लागला, पण पटकथेत 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'ची चपलता नाही. 'लास्ट ख्रिसमस' (२०१९) विषयी न बोललेले बरे. २०१८ साली त्यांना 'डेम' हा किताब मिळाला.

२०१० मध्ये आपल्या जुन्या शाळेत गेल्या असता त्यांनी तेथील मुलींना बोलण्यातील 'लाइक', 'इनिट' असे शब्द टाकण्याचा उपदेश केला, व मित्रमैत्रिणींची भाषा आणि चारचौघांतील भाषा अशा दोन भाषा जवळ असाव्यात असे सांगितले. उपदेशाचा पूर्वार्ध भाषाशास्त्राला मान्य होण्यासारखा नाही. हे शब्द निरर्थक नसून संभाषणात त्यांना नेमके कार्य असते. उत्तरार्ध मात्र ज्या लेखिकेने १८११ ची भाषा आणि आजचा कान ह्यांच्यामध्ये पाच वर्षे काढली, तिच्या तोंडी शोभतो.

२०१३ च्या 'सेव्हिंग मिस्टर बँक्स' मध्ये थॉम्प्सनबाईंनी पी. एल. ट्रॅव्हर्स ह्यांची भूमिका केली. 'मेरी पॉपिन्स' पडद्यावर येत असता डिस्नीच्या लेखकांशी शब्दाशब्दासाठी भांडणाऱ्या ह्या लेखिकेने १९६१ सालच्या त्या बैठका ध्वनिमुद्रित करण्याचा आग्रह धरला होता. त्या फिती टिकून राहिल्या, आणि इतरांच्या कादंबऱ्यांची पाने निर्दयपणे छाटणाऱ्या पटकथालेखिकेने ही भूमिका तयार करताना, आपल्या एका ओळीलाही हात लावू न देणाऱ्या त्या बाईंचा आवाज त्या फितींवरून ऐकला.