उमरीची बँक आणि कर्जाने आखलेली हद्द

३० जानेवारी १९४८ ही तारीख देशाला गांधीजींच्या खुनामुळे माहीत आहे. नांदेड जिल्ह्यातल्या उमरीत त्या दिवसाची आणखी एक आठवण सांगतात. हैदराबाद मुक्तिसंग्रामाच्या सशस्त्र तुकडीने त्याच दिवशी इथली हैदराबाद स्टेट बँकेची शाखा लुटली. रक्कम वीस लाखांच्या घरातली. पुढच्या लढ्याला पैसा हवा होता म्हणून ती लुटली, आणि त्यातल्या पै-पैचा हिशेब कार्यकर्त्यांनी ठेवला, हे मराठवाड्यात लुटीपेक्षाही जास्त अभिमानाने सांगितले जाते.

पण पंधरा ऑगस्ट होऊन साडेपाच महिने झाले असताना उमरीत लढा चालला होता तो कुणाशी? शाळेच्या पुस्तकातून आपल्या मनात इंग्रजी राज्य म्हणजे गोरा कलेक्टर आणि युनियन जॅक असेच चित्र बसले आहे. मराठवाड्याच्या रयतेला गोरा साहेब सहसा दिसतच नसे. तो हैदराबादेत रेसिडेन्सीत बसे. गावात दिसत ते तहसीलदार, पोलीस पाटील आणि करोडगिरीच्या नाक्यावर मालाची जकात घेणारा नाकेदार. स्थानिक राजाला गादीवर ठेवून त्याच्याकरवी राज्य करायचे, ही युक्ती युरोपीय सत्तांनी आशिया-आफ्रिकेत जागोजागी वापरली. मलायात सुलतान ठेवले, उत्तर नायजेरियात लुगार्डने अमीर ठेवले. भारतात तर अशी साडेपाचशेहून जास्त संस्थाने होती. कारभार स्वस्तात होई आणि शिव्या दुसऱ्याला बसत. इंग्रज निघाले तेव्हा मधला माणूस मात्र गादीवर तसाच राहिला, आणि त्यांच्यातला सगळ्यात मोठा, हैदराबादचा निजाम उस्मान अली खान, म्हणाला की आता मी स्वतंत्र.

निजाम या अवस्थेला कसा आला, हे पाहायला तलवारीपेक्षा खातेवही जास्त उपयोगी पडते. १७९८ मध्ये निजामाने तैनाती फौज स्वीकारली. पुढे हैदराबाद कंटिन्जंट नावाची आणखी एक फौज त्याच्या माथी मारली गेली. तिचा पगार निजामाच्या खजिन्यातून निघे, हुकूम इंग्रजांचा चाले. खजिना आटला तेव्हा हैदराबादेतल्या विल्यम पामर आणि कंपनीने निजाम सरकारला जबर व्याजाने कर्ज दिले. फौजेची थकबाकी वाढतच गेली आणि १८५३ मध्ये डलहौसीच्या कारकिर्दीत ईस्ट इंडिया कंपनीने त्या बदल्यात वऱ्हाड आपल्या ताब्यात घेतले. कापसाचा काळा मुलूख तो. मँचेस्टरच्या गिरण्यांचा डोळा त्यावर नसता तरच नवल. कागदोपत्री वऱ्हाड निजामाचेच राहिले. १९०२ मध्ये कर्झनने ते कायम भाडेपट्ट्याने लिहून घेतले आणि १९३६ पासून निजामाच्या थोरल्या मुलाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ म्हणवून घेता आले. मालकाला नुसते नाव मिळाले.

या सावकारी व्यवहाराने पैनगंगेवर एक हद्द पडली. अलीकडे हदगाव, नांदेड, उमरी निजामाचे. पलीकडे उमरखेड, पुसद इंग्रजांचे. दोन्हीकडे भाषा मराठी, सोयरीक एकमेकांत, पण कायदा वेगळा आणि नाणेही वेगळे. अलीकडे चारमिनारचा छाप असलेला हाली रुपया, पलीकडे इंग्रजी कलदार. सात हाली म्हणजे साधारण सहा कलदार. त्यामुळे माल घेऊन हद्द ओलांडणाऱ्याला दोनदा भुर्दंड बसे: एकदा करोडगिरीवर आणि एकदा बट्ट्यात. १९०० च्या सुमारास हैदराबाद–मनमाड रेल्वे झाली आणि उमरी त्या मीटरगेज मार्गावर आली. रेल्वे निजामाच्या राज्यात, कंपनी लंडनची आणि तिच्या व्याजाची हमी पुन्हा निजामाच्या खजिन्यावर. १९३० मध्ये निजाम सरकारने ती विकत घेतली. हाली चलन सांभाळण्यासाठी १९४१ मध्ये हैदराबाद स्टेट बँक निघाली. रेल्वे आणि कापसाचा बाजार असलेल्या उमरीत तिची शाखा असणे ओघाने आलेच.

१८५३ ची तीच हद्द १९४७ मध्ये उलटी कामाला आली. वऱ्हाड आता भारतात होते, म्हणजे पैनगंगा ओलांडली की निजामाचा पोलीस आणि त्याच्या बाजूचे सशस्त्र रझाकार मागे येऊ शकत नव्हते. स्वामी रामानंद तीर्थांच्या स्टेट काँग्रेसने सरहद्दीवर जागोजागी छावण्या उभारल्या. उमरखेडला अशीच एक छावणी होती. तिथून करोडगिरीचे नाके फोडले जात, रझाकारांशी चकमकी होत. डलहौसीने निजामाला पिळून मिळवलेल्या मुलखात निजामाविरुद्धच्या लढ्याला आसरा मिळाला, याला दैवगती म्हणावे की व्याजाची परतफेड, हे वाचकांनी ठरवावे.

तिकडे दिल्ली आणि हैदराबाद यांच्यातही भांडण पेटले ते बऱ्याच अंशी पैशावरूनच. २९ नोव्हेंबर १९४७ ला ‘जैसे थे’ करार झाला आणि थोड्याच दिवसांत हैदराबादने आपल्या राज्यात कलदारवर बंदी घातली. शिवाय पाकिस्तानला वीस कोटींचे कर्ज देऊ केले, तेही भारत सरकारच्याच रोख्यांत. १३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौजा शिरल्या आणि १७ तारखेला निजाम शरण आला. त्याच दिवसांत लंडनमधल्या हैदराबाद सरकारच्या खात्यातून दहा लाख पौंडांहून जास्त रक्कम पाकिस्तानच्या उच्चायुक्तांच्या नावे वळवली गेली. ती वेस्टमिन्स्टर बँकेत अडकली आणि व्याज धरून साडेतीन कोटी पौंडांच्या घरात गेली. तिचा निकाल लंडनच्या न्यायालयाने भारत आणि निजामाच्या वारसांच्या बाजूने दिला तो २ ऑक्टोबर २०१९ ला.

सतरा सप्टेंबरला आपण दरवर्षी ध्वज फडकवतो. त्यानंतरच्या आठवड्यांबद्दल मात्र भाषणांत कुणी बोलत नाही. रझाकारांनी केलेले अत्याचार खरे होते, आणि त्यांचा सूड ज्यांच्यावर उगवला गेला त्यातले बहुतेक साधे मुसलमान शेतकरी, कारागीर होते, हेही खरे. नेहरूंनी पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीने किमान सत्तावीस ते चाळीस हजार माणसे मारली गेल्याचा अंदाज दिला आणि सर्वाधिक झळ पोचलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर यांच्याबरोबर नांदेडचेही नाव घेतले. तो अहवाल अनेक दशके दाबून ठेवला गेला. मुक्तिसंग्रामाचा अभिमान बाळगायला हा अहवाल वाचण्याची आडकाठी नसावी.

राज्य गेले तरी त्याचे सामान एकेक करून निघाले. हाली रुपया पुढे काही वर्षे कलदारच्या शेजारी चालत राहिला. उमरीत लुटली गेली ती बँक १९५६ मध्ये रिझर्व्ह बँकेकडे गेली, १९५९ मध्ये स्टेट बँकेची उपकंपनी झाली आणि १ एप्रिल २०१७ ला तिच्यात विलीन झाली. आफ्रिकेत याहून सावकाश चालले आहे. १९६० या एका वर्षात सतरा देश स्वतंत्र झाले, पण फ्रान्सने १९४५ मध्ये काढलेला सीएफए फ्रँक चौदा देशांत अजून चालतो आणि त्याचा दर युरोला बांधलेला आहे.

हद्दीही अशाच. १९५६ मध्ये हैदराबाद राज्याची तीन भाषांत वाटणी झाली आणि मराठवाडा आधी मुंबई राज्यात, मग १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. तरी २०१९ मध्ये नांदेडच्या सीमेवरच्या काही गावांनी आम्हाला तेलंगणात घ्या अशी मागणी केली. तिकडे शेतकऱ्याला एकरी रोख मदत मिळत होती, हे त्याचे एक कारण. जुन्या दप्तरांचेही तेच. २ सप्टेंबर २०२५ ला मुंबईच्या आझाद मैदानातले मराठा आरक्षणाचे उपोषण सुटले ते निजामकाळच्या जातनोंदींचे हैदराबाद गॅझेट लागू करण्याच्या शासन निर्णयावर. त्याआधीच मराठवाड्यात आरक्षणाला आधार ठरणाऱ्या कुणबी नोंदी निजामकाळच्या दप्तरांतून शोधणे सुरू झाले होते. त्या उर्दूत आणि मोडीत, आणि दोन्ही लिप्या वाचणारे किती जण सापडतात यावर कामाचा वेग अवलंबून.