मुखवट्याच्या आत कोण होतं?

इंग्लंडमधल्या एका आजीबाईंनी रेडिओवर जाहिरात ऐकली. 'स्टार वॉर्स'च्या पुढच्या भागासाठी चार फुटांपेक्षा कमी उंचीची माणसं हवी होती. आजींचा नातू तेव्हा ११ वर्षांचा होता, आणि 'स्टार वॉर्स'चं त्याला वेड होतं. काम फार मोठं नव्हतं. जंगलात राहणाऱ्या, अस्वलासारख्या केसाळ इवॉक जमातीच्या गर्दीत कुठेतरी उभं राहायचं. त्या नातवाचं नाव वॉरिक डेव्हिस. फेब्रुवारी २०२५ मध्ये ब्रिटिश चित्रपट अकादमीने (बाफ्टा) त्याला आपली फेलोशिप दिली. ज्या यादीत हिचकॉक आणि चॅप्लिन आहेत, त्याच यादीत आता १०७ सेंटीमीटर उंचीचा हा नटही आहे.

तरीही त्याचं नाव निघालं की एक वाक्य हमखास कानावर येतं : 'उंची कमी होती म्हणून चाललं, नाहीतर रबराचा मुखवटा घालून फिरण्यात अभिनय तो कसला?'

या वाक्याचा पूर्वार्ध अर्धा खरा आहे. उंचीमुळे दार उघडलं, हे डेव्हिस स्वतःही नाकारत नाही. पण आत गेल्यावर काय घडलं ते पाहण्यासारखं आहे. इवॉकांपैकी विकेट नावाचं पात्र (क्रिकेटशी काही संबंध नाही) मुळात केनी बेकर हा अनुभवी नट करणार होता. राजकन्या लेयाशी जंगलात भेट होते तो महत्त्वाचा प्रसंग विकेटच्या वाट्याला होता. शूटिंगच्या वेळी बेकर आजारी पडला आणि गर्दीतल्या या पोराला पुढे करण्यात आलं. अंगभर केसाळ पोशाख, डोक्यावर जड मुखवटा, त्यात बसवलेले निर्जीव डोळे. भुवई उडवता येत नाही, ओठ हलवता येत नाहीत. उरतं काय? मान, खांदे आणि चाल. चमत्कारिक आवाज ऐकला की आपला कुत्रा मान कशी तिरकी करतो, ते या मुलाने घरी पाहिलं होतं. त्याने तेच उचललं. लेयासमोर मान कलती करून बिचकत पुढे येणारा विकेट आठवा. तिथे चेहरा नाही, तरी कुतूहल दिसतं आणि भीतीही दिसते. १९८३ साली 'रिटर्न ऑफ द जेडाय' पडद्यावर आला तेव्हा गर्दीतला तो इवॉक साऱ्या जमातीचा चेहरा होऊन बसला होता.

बेकरबद्दलही असाच एक समज आहे. 'स्टार वॉर्स'मधला आर-टू-डी-टू हा यंत्रमानव नुसत्या रिमोटवर चालायचा, असं कित्येकांना वाटतं. प्रत्यक्षात त्याच्या दोन तऱ्हा होत्या. तीन पायांवर घरंगळत जाणारा आर-टू रेडिओच्या नियंत्रणाने चालायचा. दोन पायांवर उभा राहून डुलणारा, चिडून थरथरणारा जो आर-टू दिसतो, त्याच्या पत्र्याच्या डब्यात ११२ सेंटीमीटरचा बेकर बसलेला असायचा. शिट्ट्या आणि किलबिल नंतर ध्वनिसंयोजक बेन बर्टने भरली. गंमत म्हणजे बेकरला हे काम घ्यायचंच नव्हतं. जॅक पर्व्हिस या जोडीदाराबरोबर त्याचा गाण्या-विनोदाचा कार्यक्रम बरा चालला होता. तो सोडून डब्यात जाऊन बसायला कोण तयार होईल?

आता एक उलटा गैरसमज. 'लॉर्ड ऑफ द रिंग्स'मधले हॉबिट आणि खुजे योद्धे पाहून पुष्कळांना वाटतं की या मालिकेने बुटक्या नटांना भरभरून मोठ्या भूमिका दिल्या. तसं झालं नाही. खुजा गिम्ली साकारणारा जॉन ऱ्हिस-डेव्हिस सहा फुटांहून उंच आहे. बाकी कॅमेऱ्याची करामत. गाडीवर जादूगार गँडाल्फच्या शेजारी बसलेला हॉबिट फ्रोडो खरं तर बराच मागे बसलेला असायचा, आणि हॉबिटचं घर दोन मापांत बांधलेलं होतं. लांबच्या दृश्यांत आणि पाठमोऱ्या दृश्यांत फ्रोडोचा मुखवटा घालून जो वावरतो, तो किरण शाह. नैरोबीत भारतीय कुटुंबात जन्मलेला, पोरवयात काही काळ भारतात राहिलेला आणि मग इंग्लंडला गेलेला. उंची १२६.३ सेंटीमीटर. सिनेमात काम करणारा सर्वांत कमी उंचीचा स्टंटमन म्हणून गिनेस बुकात त्याची नोंद आहे. १९७८ च्या 'सुपरमॅन'मधल्या काही दृश्यांत क्रिस्टोफर रीव्हच्या जागी तोच होता; लहान माणूस वापरला की मागचा देखावा अधिक भव्य वाटतो. लोकांनी त्याला डझनावारी सिनेमांत पाहिलंय, चेहरा मात्र फारसा कुणाच्या ध्यानात नाही. 'नार्निया'च्या २००५ च्या सिनेमात तो पांढऱ्या चेटकिणीच्या दुष्ट गाडीवानाच्या भूमिकेत दिसला, हा एक अपवाद.

खुजेपणा म्हणजे एकच आजार, हा समज तर डॉक्टरकीबाहेर सगळीकडेच आहे. त्यामागे दोनशेहून अधिक कारणं असू शकतात. सर्वाधिक आढळणारा प्रकार अकाँड्रोप्लेझिया. साधारण २५,००० जन्मांत एक. त्यात हातपाय आखूड राहतात, धड जवळपास नेहमीच्या मापाचं असतं. डेव्हिसचा प्रकार वेगळा आणि अधिक दुर्मीळ आहे. त्यात पाठीचा कणा आणि सांधे यांची वाढ बिघडते. त्याची दिवंगत पत्नी सामंथा हिला अकाँड्रोप्लेझिया होता. म्हणजे एकाच घरात दोन निरनिराळी निदानं. बुद्धीशी याचा काही संबंध नाही. 'आईबापांकडूनच आलं असणार' हेही बहुधा खोटं ठरतं : अकाँड्रोप्लेझिया असलेल्या सुमारे ८० टक्के मुलांचे आईवडील नेहमीच्या उंचीचे असतात. आपल्याकडे २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने प्रौढपणी १४७ सेंटीमीटर किंवा त्याहून कमी उंची असलेल्यांना खुजेपणाच्या वर्गात घेतलं आहे. आणि तरी शाळेत 'बुटबैंगण' ही हाक अजून ऐकू येतेच.

'विझार्ड ऑफ ओझ'ची ती भुताटकीची गोष्टही एकदा निकालात काढायला हवी. १९३९ च्या या सिनेमात मंचकिन झालेल्या एका बुटक्या नटाने सेटवर गळफास घेतला आणि तो मागे झाडाशी लोंबकळताना दिसतो, अशी वदंता व्हिडिओ कॅसेटच्या काळात पसरली. धूसर चित्र आणि उतावळी नजर, दुसरं काही नाही. जंगल खरं वाटावं म्हणून सेटवर मोठे पक्षी सोडले होते. त्यांतला एक पंख पसरतो, तेवढंच. खरी दुखरी गोष्ट हिशेबाच्या वहीत आहे. मंचकिनांच्या हाती आठवड्याला साधारण ५० डॉलर पडत, आणि टोटो झालेल्या टेरी नावाच्या कुत्रीसाठी १२५ डॉलर मोजले जात, असं सांगितलं जातं. अफवा पसरवणाऱ्यांना हे आकडे कधी आठवत नाहीत.

एक सिनेमा चालला की आयुष्य मार्गी लागतं, हा समज सगळ्याच नटांबद्दल असतो. बुटक्या नटाच्या बाबतीत तो अधिकच महागात पडतो. १७ व्या वर्षी डेव्हिसला 'विलो'ची मुख्य भूमिका मिळाली. कल्पना जॉर्ज लुकसची, दिग्दर्शन रॉन हॉवर्डचं. पोरगेलासा डेव्हिस दोन मुलांचा बाप, शेतकरी आणि होतकरू जादूगार झाला, आणि त्याचा खरा चेहरा पहिल्यांदाच जगाला दिसला. १९८८ साली सिनेमा आला. त्यानंतर मुख्य भूमिकांची रांग लागली नाही. १९९३ ते २००३ या काळात त्याने 'लेप्रकॉन' या स्वस्तातल्या भयपटमालिकेचे सहा भाग केले. पहिल्या भागात जेनिफर ॲनिस्टन होती. ती पुढे कुठे पोचली आणि हा कुठे राहिला, एवढ्यावरून बाजाराचा कल कळतो.

डेव्हिसने मग एक व्यवहारी गोष्ट केली. १९९५ साली सासरे पीटर बरोज यांच्याबरोबर त्याने कमी उंचीच्या नटांसाठी एजन्सी उघडली. नाव तेच, विलो. पुढे सात फुटांवरचे नटही तिथे आले. 'हॅरी पॉटर'मधल्या ग्रिंगॉट्स बँकेत टेबलांमागे बसलेले गॉब्लिन आठवतात ना? त्यांतले बरेच जण याच एजन्सीचे. फ्लिटविक सरांच्या भूमिकेत तो स्वतः होता आणि पुढे ग्रिपहूक गॉब्लिनही त्यानेच केला. आधी मेकअपच्या खुर्चीत काही तास काढायचे, मग कुठे कॅमेरा.

'बुटक्या नटांना असल्या भूमिका अपमानास्पद वाटतात' हे विधान सरसकट कुणी केलं तर ते चूक, आणि 'त्यांना काही वाटत नाही' हेही चूक. पीटर डिंक्लेज या बुटक्या नटाने उमेदवारीच्या काळात एल्फ आणि लेप्रकॉनच्या भूमिका नाकारल्या, प्रसंगी हाती काम नसताना. 'गेम ऑफ थ्रोन्स'मधल्या टिरियनसाठी त्याला चार एमी मिळाले. २०२२ साली त्याने 'स्नो व्हाइट'च्या नव्या आवृत्तीवर जाहीर टीका केली. २०२५ साली सिनेमा आला तेव्हा सातही बुटके संगणकावर तयार केलेले होते. यावर चिडणारे अनेक बुटके नटच होते : मानाची गोष्ट खरी, पण सात जणांचा रोजगार गेला त्याचं काय? त्यांतल्या एका बुटक्याला आवाज मार्टिन क्लेबाचा आहे, आणि तो स्वतः बुटका आहे. बाकी कुठल्या बाजूला उभं राहायचं हे इतकं सरळ नाही. 'नार्निया'च्याच 'प्रिन्स कॅस्पियन'मध्ये (२००८) ट्रंपकिन आणि निकाब्रिक हे दोन दाढीवाले खुजे आहेत. पहिला डिंक्लेज, दुसरा डेव्हिस.

एका बाबतीत डेव्हिसने हा वाद बाजूला ठेवून वेगळाच खेळ मांडला. त्याने नाटक कंपनी काढली. सगळे नट कमी उंचीचे, आणि सेटही त्यांच्याच मापाचा. पहिलं नाटक 'सी हाउ दे रन'. परी नाही, चेटूक नाही. एका पाद्र्याच्या घरातला जुना इंग्रजी फार्स, ज्यात लोक एका दारातून पळतात आणि दुसऱ्या दारातून धडपडत आत येतात. २०१४ साली ते ब्रिटनच्या नाट्यगृहांतून फिरलं, आणि त्यात डेव्हिसने कुठलाही मुखवटा घातला नव्हता.